शेवटचा कट कुणाचा?

रिळवेडा

परवा एका मित्राशी वाद झाला. त्याचं म्हणणं, 'डिरेक्टर्स कट' (दिग्दर्शकाने स्वतःच्या मनासारखी संकलित केलेली आवृत्ती) हा तोच माल दुसऱ्यांदा विकायचा धंदा आहे. थेटरात लागला तोच खरा चित्रपट, बाकी सगळी दिग्दर्शकांची रडगाणी. मी विचारलं, थेटरात काय लागणार हे ठरवलं कुणी? तिथून गाडी घसरली ती रात्री दीडपर्यंत. बरंचसं तेव्हा सुचलं नाही, म्हणून इथे धागा काढतोय.

माझं आवडतं (म्हणजे जिव्हारी लागलेलं) उदाहरण दिग्दर्शक ऑर्सन वेल्सच्या 'द मॅग्निफिसंट अँबरसन्स'चं. 'सिटिझन केन'च्या वेळी पंचविशीतल्या या पोराला आरकेओ स्टुडिओने शेवटच्या कटचा हक्क, म्हणजे थेटरात कुठली आवृत्ती जाणार हे ठरवायचा हक्क, लिहून दिला होता. पुढच्या चित्रपटाच्या, म्हणजे 'अँबरसन्स'च्या, वेळी करार नव्याने झाला आणि तो हक्क गेला. मग वेल्स दुसऱ्या एका चित्रपटासाठी ब्राझीलला निघून गेला. मागे संकलक रॉबर्ट वाइजच्या हाती सुमारे १३१ मिनिटांचं काम होतं. १७ मार्च १९४२ रोजी कॅलिफोर्नियातल्या पोमोनाला प्रिव्ह्यू (प्रदर्शनाआधी प्रेक्षकांना दाखवायचा चाचणी खेळ) झाला. आधी एक हलकीफुलकी संगीतिका, आणि तिच्या पाठोपाठ एका श्रीमंत घराण्याच्या उतरणीची ही संथ गोष्ट. प्रेक्षक नको तिथे हसले. प्रतिक्रियांची कार्डं वाचून स्टुडिओचे हातपाय गार पडले. चित्रपट ८८ मिनिटांवर आणला, शेवट दुसऱ्यांकडून नव्याने चित्रित करून गोड केला. संगीतकार बर्नार्ड हर्मनने स्वतःचं नाव श्रेयनामावलीतून काढायला लावलं. कापलेल्या भागाची निगेटिव्ह पुढे स्टुडिओनेच नष्ट केली. ब्राझीलला धाडलेली एक प्रत लोक आजही शोधताहेत.

एरवी आपण दोन खण करतो. एकात स्टुडिओ, त्याला पैशाची काळजी. दुसऱ्यात सेन्सॉर, त्याला नीतीची नाहीतर सत्तेची. मला हे खण पटत नाहीत. दोघांच्याही डोक्यात एकच प्रश्न असतो: 'कुणी चिडलं तर?' एकाला चिडणाऱ्या प्रेक्षकाची धास्ती, दुसऱ्याला चिडणाऱ्या मंत्र्याची किंवा धर्मगुरूची. आणि दोघांचीही खरी कात्री संकलनाच्या टेबलावर चालत नाही, तिच्या कितीतरी आधी चालते.

येऊ द्या मतं. उदाहरणं आली तर फारच बरं, फक्त 'ऐकलंय की' छापाची नकोत.

तिकीटखिडकी

धागा चांगला, पण तराजू आधीच एका बाजूला झुकवून आणलाय. वेल्सची गोष्ट सगळे सांगतात. 'हेवन्स गेट'ची का नाही सांगत? मायकेल चिमिनोला युनायटेड आर्टिस्ट्सने मोकळं रान दिलं. खर्च फुगत फुगत कुठल्या कुठे गेला. नोव्हेंबर १९८० मध्ये २१९ मिनिटांचा चित्रपट न्यूयॉर्कला लागला, समीक्षकांनी सालटी काढली, लगेच मागे घ्यावा लागला. १९८१ मध्ये १४९ मिनिटांचा करून पुन्हा लावला, तोही आपटला. त्याच वर्षी कंपनी विकली गेली.

ज्याचा पैसा बुडणार आहे त्याने 'जरा आवरा' म्हटलं तर ती दडपशाही कशी काय? सेन्सॉरची त्यात दमडीही अडकलेली नसते. दोघांना एका माळेचे मणी करू नका.

अर्धविराम

जागा धरून बसलो आहे.

तोवर तपशिलात भर: पोमोनाच्या खेळाआधी वेल्सनेच ब्राझीलहून कळवून मधला एक मोठा भाग काढायला सांगितला होता. म्हणजे पोमोनाकरांनी पाहिला तो पूर्ण चित्रपट नव्हताच. हुतात्म्याच्या हातातही कात्री होती. दुसरा प्रिव्ह्यू पॅसाडिनाला झाला, तो बराच बरा गेला. पण स्टुडिओच्या डोक्यात बसलं ते पोमोनाच.

रिळवेडा

@अर्धविराम, मान्य. ते मी गाळलं. (बघा, मीही गोष्ट सोयीने कापलीच.)

@तिकीटखिडकी, पैसेवाल्याचा हक्क मलाही मान्य आहे. पण तो नेहमी पैसा वाचवायलाच वापरला जातो असं नाही. टेरी गिलियमचा 'ब्राझील' घ्या. युरोपात तो १९८५च्या सुरुवातीला १४२ मिनिटांचा लागला आणि आकाश काही कोसळलं नाही. अमेरिकेतले हक्क युनिव्हर्सलकडे होते. तिथले प्रमुख सिड शाइनबर्ग यांना सुखान्त हवा होता. त्यांनी ९४ मिनिटांची वेगळी आवृत्ती करवून घेतली, ज्यात प्रेमाचा विजय वगैरे होतो. गिलियमने 'व्हरायटी'त पानभर जाहिरात दिली: माझा चित्रपट कधी लावताय? चोरून खेळ दाखवले. लॉस एंजेलिसच्या समीक्षकांनी अजून न लागलेल्या चित्रपटाला वर्षातला सर्वोत्कृष्ट ठरवलं. तेव्हा कुठे स्टुडिओ नमला, आणि १३२ मिनिटांचा चित्रपट लागला.

पैसा वाचवायचा असता तर तयार चित्रपट आहे तसा लावणं सर्वात स्वस्त पडलं असतं.

तिकीटखिडकी

तरी १४२ चा १३२ झालाच की :)

कातरवेळ

मी संकलन करते. मोठे चित्रपट नव्हेत, आणि नावंही सांगणार नाही. पण वर जे चाललंय त्यात टेबलामागून काय दिसतं तेवढं लिहिते.

'फायनल कट' हा शब्द ऐकायला कलेचा वाटतो, प्रत्यक्षात तो करारातल्या एका कलमाचा आहे. हॉलिवूडमध्ये दिग्दर्शकांच्या संघटनेच्या करारानुसार दिग्दर्शकाला त्याचा स्वतःचा कट करायला साधारण दहा आठवडे मिळतात. तेवढा वेळ निर्मात्याने मध्ये बोलायचं नाही. अकराव्या आठवड्यापासून चित्रपट कुणाचा, हे ते कलम सांगतं, आणि बहुतेक दिग्दर्शकांकडे ते नसतं.

मग येतो प्रिव्ह्यू. कार्डावर 'उत्कृष्ट' आणि 'खूप चांगला' अशा वरच्या दोन चौकटींची बेरीज करतात, आणि 'इतरांना नक्की सुचवाल का' याचा आकडा वेगळा काढतात. पुढे प्रश्न: कुठला प्रसंग रेंगाळला? कुठलं पात्र आवडलं नाही? आता मला सांगा, असं विचारल्यावर कोण कोरं कार्ड परत देईल? माणूस काहीतरी लिहितोच. आणि लिहिलेलं कुणीतरी अमलात आणतं.

माझ्या एका कामात शेवटी बाई दार उघडते आणि समोर कोण आहे ते आम्ही दाखवत नव्हतो. निरोप आला: लोकांचा गोंधळ होतोय. मग दाराबाहेरचा शॉट पुन्हा घ्यायचं ठरलं, चार महिन्यांनी. तोवर तिचे केस वाढलेले, म्हणून शॉट पाठमोरा घेतला. पाठमोरा असल्यामुळे ओठ दिसत नाहीत, मग कुणाला तरी वाटलं इथे एक वाक्य घालता येईल. वाक्य घातलं. ते ऐकू यावं म्हणून संगीत खाली आणलं. संगीत खाली गेल्यावर पुढचा शांत शॉट रिकामा वाटायला लागला, तो अर्ध्यावर आणला. एका कार्डावरच्या एका ओळीने एवढं सगळं हललं. आणि यातलं एकही पाऊल, वेगळं काढून पाहिलं तर, मूर्खपणाचं नव्हतं. प्रत्येक वेळी मीच म्हटलं, हो, हे चालेल.

तेव्हापासून मला इतरांच्या चित्रपटांतले टाके दिसतात. पाठमोऱ्या माणसाचं नको तेवढं स्पष्ट वाक्य, मध्येच उडी मारणारं पार्श्वसंगीत, कारण नसताना खिडकीबाहेरचा शॉट, आणि सगळ्यांचा बाप म्हणजे निवेदन. प्रसंग कळत नाही असं कार्डावर आलं की पहिला उपाय तोच.

दुपारचा खेळ

निवेदनावरून 'ब्लेड रनर' आठवणारच. १९८२ मध्ये डेन्व्हर आणि डॅलसच्या प्रिव्ह्यूत लोक गोंधळले, म्हणून हॅरिसन फोर्डचं निवेदन चिकटवलं. शिवाय शेवटी दोघं गाडीतून हिरव्यागार डोंगरांत जातात. ते डोंगर कुठून आले? कुब्रिकच्या 'द शायनिंग'साठी हेलिकॉप्टरमधून घेतलेल्या आणि न वापरलेल्या फिल्ममधून! दोन तास सतत पावसात भिजलेलं काळं शहर, आणि शेवटच्या मिनिटाला उसनं ऊन.

१९९२च्या आवृत्तीत निवेदन गेलं, डोंगर गेले. २००७ मध्ये रिडली स्कॉटने स्वतः हात फिरवून 'फायनल कट' काढला. आता बहुतेक लोक तोच बघतात.

अवांतर: 'जस्टिस लीग'च्या रीशूटच्या वेळी हेन्री कॅव्हिलला दुसऱ्या चित्रपटासाठी मिशा ठेवणं भाग होतं, म्हणून सुपरमॅनच्या मिशा संगणकावर भादरल्या. @कातरवेळ, या टाक्याला काय म्हणतात?

कातरवेळ

@दुपारचा खेळ, त्याला नाव नाही. त्याला रजा टाकून झोपणं म्हणतात.

मागची रांग

रिळवेडांच्या 'दोन खण नाहीत' या म्हणण्याला इतिहासाचा भक्कम टेकू आहे, आणि तो कुणी लावला नाही म्हणून जरा लांबण लावतो.

१९१५ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ओहायोच्या सेन्सॉर बोर्डासंबंधीच्या खटल्यात निकाल दिला की चित्रपट हा निव्वळ धंदा आहे, अभिव्यक्तिस्वातंत्र्याचं संरक्षण त्याला नाही. त्यामुळे राज्याराज्यांच्या बोर्डांना रान मोकळं झालं. एकाने चुंबन कापायचं, दुसऱ्याने पिस्तूल. प्रती वेगवेगळ्या कापायच्या म्हणजे खर्च. वर वॉशिंग्टनहून सगळ्या देशाचा एकच सेन्सॉर येईल अशी धास्ती. मग स्टुडिओंनी १९२२ मध्ये स्वतःची संघटना काढून विल हेज या राजकारणातल्या माणसाला प्रमुख केलं. १९३० मध्ये नियमावली आली. ती लिहिण्यात एक जेझुइट पाद्री, डॅनियल लॉर्ड, आणि एका व्यापारी पत्राचे प्रकाशक मार्टिन क्विग्ली होते. सरकारचा त्यात हात नव्हता!

चार वर्षं ती बव्हंशी कागदावर राहिली. १९३४ मध्ये कॅथलिक संघटनांनी बहिष्काराची मोहीम उघडली, तिकिटं घटायची भीती पडली, आणि जोसेफ ब्रीन नावाचा कडक माणूस खुर्चीत बसला. त्याच्या शिक्क्याशिवाय चित्रपट दाखवला तर सभासदाला २५,००० डॉलर दंड. मोठी थेटरं स्टुडिओंच्याच मालकीची, त्यामुळे शिक्का नाही म्हणजे पडदा नाही.

आता हे सेन्सॉरचं खातं की हिशेबाचं? नीती पाद्र्याची, अंमलबजावणी मालकाची. आणि ब्रीनच्या कचेरीचं मुख्य काम कापणं नव्हतंच, वाचणं होतं. पटकथा आधी तिथे जायची, लांबलचक पत्रं यायची: हे काढा, ते सौम्य करा. जे चित्रितच झालं नाही त्याची निगेटिव्ह कोण शोधणार? वेल्सची एखादी प्रत निदान शोधता तरी येते.

न्यायालयाने आपला १९१५चा विचार १९५२ मध्ये फिरवला, रॉसेलिनीच्या एका इटालियन लघुपटावरच्या खटल्यात. नियमावली मात्र १९६८ पर्यंत रखडत राहिली, मग तिच्या जागी वयोगटांची श्रेणी आली.

अर्धविराम

लेख होईल याचा. वाचनखूण साठवली.

त्याच नियमावलीतली आख्यायिका झालेली गंमत: चुंबन तीन सेकंदांच्या वर नको. हिचकॉकने १९४६च्या 'नटोरियस'मध्ये इन्ग्रिड बर्गमन आणि केरी ग्रँटला ओठ टेकवायला लावले, सोडायला लावले, कुजबुजायला लावलं, पुन्हा टेकवायला लावले. असं दोन-अडीच मिनिटं. एकही चुंबन नियमाबाहेर नाही, आणि इतका सलगीचा प्रसंग त्या काळात दुसरा सापडत नाही.

तिकीटखिडकी

धन्यवाद, माझंच काम केलंत. म्हणजे बंधनामुळे प्रसंग चांगला झाला ना? तीस सेकंदांचं सरळ चुंबन आज कुणाच्या लक्षात राहिलं असतं?

आणखी देतो. बिली वाइल्डरने 'डबल इन्डेम्निटी'साठी (१९४४) नायकाला गॅस चेंबरमध्ये देहदंड देण्याचा प्रसंग चित्रित केला होता. अख्खा सेट उभारून. मग काढून टाकला. आताचा शेवट, दारात कोसळलेला माणूस आणि त्याची सिगरेट पेटवून देणारा मित्र, त्याहून कितीतरी सरस आहे. कापल्याने चित्रपट मरतोच असं नाही. 'डॉनी डार्को'च्या दिग्दर्शकाचा २००४चा लांब कट बघा, त्यात सगळं समजावून सांगितलंय आणि जादू गेली. मला तरी २००१चाच बरा वाटतो.

कातरवेळ

'डॉनी डार्को'बद्दल शंभर टक्के सहमत. दिग्दर्शक म्हणजे देव नव्हे, टेबलावर त्यांना रडताना पाहिलंय मी.

पण वाइल्डरचं उदाहरण तुमच्या बाजूचं नाही हो. तो प्रसंग वाइल्डरने स्वतः काढला. आधीचा प्रसंग पाहिला, त्याला वाटलं इथेच संपलं, कापला. हेच तर संकलन. तेच मिनिट बाहेरून पत्र आलं म्हणून काढलं असतं तर पुढचा-मागचा तोल त्याच्याकडे राहिला नसता. मी दिवसभर कापतेच, पोटासाठी कापते. कापताना मी चित्रपटाकडे बघत असते, की चित्रपट बघणाऱ्या साहेबाच्या चेहऱ्याकडे, एवढाच प्रश्न असतो.

हिचकॉकबद्दल: कुलूप फोडणारा हुशार होता म्हणून कुलपाचं कौतुक नको. त्या काळात त्याच कुलपाशी अडलेले किती जण होते?

रिळवेडा

+१. शेवटची ओळ मित्राला पाठवली.

श्रेणी आल्यावर सेन्सॉर संपला असंही नाही. अमेरिकेत १९९० मध्ये 'एक्स'च्या जागी 'एनसी-१७' ही फक्त प्रौढांसाठीची श्रेणी आली. ती मिळाली की बरीच थेटरं चित्रपट घेत नाहीत, जाहिराती नाकारल्या जातात. म्हणून करारातच लिहिलेलं असतं: 'आर' श्रेणीचा (तिच्या एक पायरी खालचा) चित्रपट हाती द्यायचा. कापायचा हुकूम कुणीच देत नाही, तरी कापावं लागतं. कुब्रिकचा 'आइज वाइड शट' तर मार्च १९९९ मधल्या त्याच्या मृत्यूनंतर लागला. त्यातल्या कामुक मेजवानीच्या प्रसंगात अमेरिकेतल्या प्रतीसाठी संगणकावर माणसं तयार करून मध्ये उभी केली, प्रेक्षकाची नजर अडवायला. इथे तर कापलेलंही नाही, उलट घातलंय.

दुपारचा खेळ

आपल्याकडची बाजू अजून आलीच नाही.

'शोले' सगळ्यांनी दहादा पाहिलाय, पण जो शेवट पाहिला तो मुळात लिहिलेला नव्हे. मूळ शेवटात ठाकूर गब्बरला मारतो. चित्रपट लागला १५ ऑगस्ट १९७५ला, म्हणजे आणीबाणी जाहीर होऊन दोन महिनेही झाले नव्हते. माजी पोलिस अधिकाऱ्याने कायदा हातात घ्यायचा नाही, असं सेन्सॉरचं म्हणणं. शेवट पुन्हा चित्रित केला, ऐन वेळी पोलिस येतात आणि गब्बरला घेऊन जातात. आता मागे जाऊन विचार करा. हात तोडलेला माणूस, त्याचं मेलेलं कुटुंब, दोघांना पैसे देऊन आणणं, हे सगळं ज्या एका क्षणासाठी रचलं तो क्षणच उचलून नेला. तरी चित्रपट इतका चालला ही त्याची ताकद. मूळ शेवटाची जीर्णोद्धार केलेली प्रत २०२५ मध्ये इटलीत बोलोन्याच्या महोत्सवात दाखवली. पन्नास वर्षं.

कायद्याबद्दल थोडक्यात. १९५२चा सिनेमॅटोग्राफ कायदा. ख्वाजा अहमद अब्बास त्यांच्या 'ए टेल ऑफ फोर सिटीज' या माहितीपटासाठी सर्वोच्च न्यायालयात गेले. १९७०च्या निकालात न्यायालयाने आधीच तपासणी करण्याची पद्धत वैध ठरवली. चित्रपट भावनांना जास्त हात घालतो, म्हणून त्याला वेगळी वागणूक. १९८३ मध्ये बोर्डाच्या नावातला 'सेन्सॉर' गेला आणि 'प्रमाणन' आलं, पण आपण आजही सेन्सॉर बोर्डच म्हणतो, उगाच नाही. २०२१ मध्ये अपिलाचं न्यायाधिकरण रद्द झालं, आता निर्मात्याला थेट उच्च न्यायालयात जावं लागतं. 'उडता पंजाब' २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयातून जवळपास अखंड सुटला, एक कट आणि सूचना एवढ्यावर. पण प्रदर्शनाची तारीख तोंडावर असताना किती जणांना खटला परवडतो? तारीख हीच कात्री.

तिकीटखिडकी

हं. तारखेचं पटलं. पैसा अडकलेला असतो म्हणूनच माणूस सेन्सॉरपुढे लवकर वाकतो. या अर्थाने एका माळेचे म्हणता येतील. माळ तीच, मणी वेगळे. याहून जास्त मागे हटणार नाही.

निगेटिव्ह

पहिल्यांदाच लिहितोय, चूकभूल द्या-घ्या.

विनोदी भर: २०२२ मध्ये चीनच्या एका मोठ्या व्हिडिओ संकेतस्थळावर 'फाइट क्लब' आला. शेवटी इमारती कोसळण्याच्या जागी काळा पडदा आणि मजकूर: पोलिसांनी कारस्थान उधळलं, सगळे पकडले गेले, टायलरला (म्हणजे निवेदकाच्याच दुसऱ्या रूपाला) मनोरुग्णालयात पाठवलं. लोकांनी एवढी थट्टा केली की काही दिवसांत बराचसा शेवट परत आला. गंमत पुढे आहे. मूळ कादंबरीतही स्फोट होत नाही आणि निवेदक मनोरुग्णालयातच पोचतो! म्हणजे सेन्सॉर चुकून लेखकाच्या जास्त जवळ गेला.

अर्धविराम

@निगेटिव्ह, स्वागत. असंच येत जा.

याच्या उलट टोकाला रशियन दिग्दर्शक तारकोव्हस्की. 'आंद्रेई रुब्ल्योव्ह'ची १९६६ची पहिली आवृत्ती २०५ मिनिटांची. सोव्हिएत अधिकाऱ्यांच्या हरकती: फार लांब, फार क्रूर, फार काळोखी. चित्रपट अडकला. १९६९ मध्ये कान महोत्सवात स्पर्धेबाहेर, पहाटे चारला दाखवला, तरी समीक्षकांचं पारितोषिक घेऊन गेला. देशात लागला १९७१च्या अखेरीस, १८६ मिनिटांचा. आणि तारकोव्हस्की पुढे म्हणाला की मला ही १८६ मिनिटांचीच आवृत्ती पसंत आहे.

आता हे कुणाच्या खात्यात टाकायचं? मला खरंच ठरवता येत नाही. पाच वर्षं दाराबाहेर बसवलेला माणूस स्वतःच्या कात्रीबद्दल जे बोलतो ते कितपत त्याचं असतं? की तो खरंच नुसता चांगला संकलक होता?

कातरवेळ

दोन्ही असू शकतं. मला तरी दारावरच्या त्या वाक्याबद्दल आज विचारलं तर मी म्हणेन, बरं आहे. ते न घालता तो प्रसंग कसा दिसायचा हे मला आता आठवतच नाही.

रिळवेडा

यावर काय लिहावं सुचेना, म्हणून कायद्याकडे वळतो. फ्रान्समध्ये जॉन ह्यूस्टनच्या 'द ॲस्फाल्ट जंगल' या कृष्णधवल चित्रपटाची रंगवलेली प्रत दूरचित्रवाणीवर दाखवायची होती. ह्यूस्टनचे वारस न्यायालयात गेले. अमेरिकी कायद्याप्रमाणे मालक कंपनी, तिने निळा रंग फासला काय नि पिवळा. १९९१ मध्ये फ्रान्सच्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की निर्मात्याचा नैतिक हक्क (आपल्या कृतीची मोडतोड होऊ न देण्याचा) विकता येत नाही, आणि इथे तो परक्या कलाकारालाही लागू आहे. इथे निर्माता म्हणजे निर्मिती करणारा कलावंत, पैसे घालणारा नव्हे. बघा, आपल्या भाषेतही हा घोळ आहेच.

जिथे असा कायदा नाही तिथे एकच वाट उरते: कमी पैसे घ्या. 'ड्यून'ने (१९८४) पोळल्यावर डेव्हिड लिंचने 'ब्लू व्हेल्व्हेट'साठी तसंच केलं. छोटं अंदाजपत्रक, त्याच्या बदल्यात शेवटचा कट. 'ड्यून'च्या दूरचित्रवाणीवरच्या लांब आवृत्तीवर तर त्याचं नावही नाही, तिथे 'ॲलन स्मिथी' आहे. हे दिग्दर्शकांच्या संघटनेने ठरवून दिलेलं टोपणनाव. चित्रपट हातातून गेला हे सिद्ध करता आलं तरच मिळायचं, आणि का गेला याबद्दल जाहीर बोलायचं नाही ही अट.

तिकीटखिडकी

म्हणजे फजितीवरही सेन्सॉर. हे माहीत नव्हतं.

मागची रांग

काल रात्री 'बेबी फेस'च्या (१९३३) दोन्ही आवृत्त्या लागोपाठ पाहिल्या, म्हणून परत आलो. न्यूयॉर्क राज्याच्या बोर्डाने पहिली नाकारली, वॉर्नरने दुरुस्त करून लावली. मूळ प्रत २००४ मध्ये अमेरिकेच्या 'लायब्ररी ऑफ काँग्रेस' या ग्रंथालयाच्या संग्रहात सापडली.

दारूच्या गुत्त्यात राबणाऱ्या बार्बरा स्टॅनविकला जोडे दुरुस्त करणारा एक म्हातारा नीत्शे वाचून दाखवतो. मूळ प्रतीत तो सांगतो, पुरुषांनी तुला वापरलं, आता तू त्यांना वापर. कापलेल्या प्रतीत तोच म्हातारा, तेच दुकान, तेच पुस्तक, आणि तोंडी नवं वाक्य: वाट बरोबर असते तशी चुकीचीही असते, चुकीचीची किंमत मोठी पडते. पुढे ती शहरात जाऊन मजल्यामागून मजला वर चढते, पुरुषामागून पुरुष गाठत. दोन्हीकडे चढते. फक्त एकीकडे उपदेश ऐकून चढते आणि दुसरीकडे न ऐकून. त्यामुळे सबंध चित्रपटात तिच्या चेहऱ्याचा अर्थ वेगळा लागतो. एवढ्यासाठी तिला एक शॉटसुद्धा पुन्हा द्यावा लागला नसेल.

मूळ चित्रपट रुग्णवाहिकेत संपतो. दुरुस्त प्रतीला त्यापुढे एक प्रसंग जोडलाय. त्यात ती नाही, तिचा नवरा नाही. बँकेच्या संचालकांची बैठक भरलीये आणि टेबलाभोवती बसलेले कोटवाले आपल्याला कळवतात की त्या दोघांकडे आता पैसा नाही, तो पोलादाच्या कारखान्यात मजुरी करतो, आणि सगळं ठीक चाललंय.

कातरवेळ

दोन्ही प्रती एकत्र मिळतात का?

मागची रांग

हो, एकाच डीव्हीडी संचात आहेत. कापलेली आधी बघा.